असाकुसाची पायी फेरी आणि नव्वद वर्षांचा निनावी म्हातारा

आपल्या सभांमध्ये एक वाक्य मी लहानपणापासून ऐकत आले आहे. "जपान बौद्ध राष्ट्र आहे, म्हणून तिथे जात नाही आणि म्हणूनच ते पुढे गेले." टाळ्याही पडतात. नागपूर-कामठीकडच्या माणसाला तर हे पटकन पटते. दीक्षाभूमीवर भदन्त सुरेई ससाई दिसतात, कामठीचे ड्रॅगन पॅलेस जपानी दानातून उभे राहिलेले दिसते. जपानबद्दल आपल्या मनात जिव्हाळा आहे, तो असू द्यावा. पण वरचे वाक्य खोटे आहे, आणि ते खोटे कसे हे मला टोकियोच्या एका पायी फेरीत, चालता चालता समजले.

ज्येष्ठांच्या सेवेसंबंधी एका अभ्यासदौऱ्यासाठी मी टोकियोला गेले होते. एक दिवस मोकळा मिळाला. असाकुसा या जुन्या वस्तीची पायी फेरी असते असे कळले, नाव नोंदवले. आम्ही आठ-नऊ जण होतो. गाइड निवृत्त गृहस्थ, स्वयंसेवक, इंग्रजी संथ पण स्वच्छ.

सुरुवात अर्थातच सेन्सोजी विहारापासून. इ. स. ६२८ मध्ये दोन कोळी भावांच्या जाळ्यात कान्नोनची मूर्ती आली अशी आख्यायिका. कान्नोन म्हणजे आपला अवलोकितेश्वर. मग हानाकावादो भागातली चपला-बुटांची घाऊक दुकाने. मग मात्सुचियामा नावाच्या टेकडीवरचे देऊळ, जिथे लोक मुळे वाहतात. भाजीचे मुळे! तिथला देव कोण, तर भारतातून चीनमार्गे गेलेला विनायक. (इतक्या लांब आले तरी गणपती पाठ सोडेना, हे मनात आल्यावाचून राहिले नाही.) मग सान्याबोरी हा जुना कालवा, आता बुजवून त्यावर लांबट बाग केली आहे. शेवटी इमादो देवस्थान. पंजा वर करून बसलेली ती भाग्याची मांजर आपल्याच इथे जन्मली असा त्या देवस्थानाचा दावा आहे. सगळ्यांनी मांजरीसोबत फोटो काढले आणि फेरी संपली.

मांजर सांगितली, मुळे सांगितले. या कालव्याच्या काठी पिढ्यानपिढ्या ज्याचा वाडा होता तो दानझाएमोन मात्र सांगितला नाही.

आपल्यापैकी बहुतेकांनी हे नाव ऐकलेले नसेल, म्हणून थोडे थांबते. तोकुगावा राजवटीत समाजाच्या उतरंडीखाली दोन गट होते. एकाचे नाव 'एता'. ज्या अक्षरांत ते लिहीत त्यांचा अर्थ 'विटाळाने भरलेला'. दुसऱ्याचे नाव 'हिनिन', म्हणजे 'माणूस नसलेला'. मेलेली जनावरे ओढणे, कातडी कमावणे, फाशी-शिरच्छेदाच्या जागी राबणे, प्रेतांची विल्हेवाट लावणे ही त्यांची कामे. राहायला वेगळी वस्ती. कारण काय, तर रक्त आणि मरण यांचा विटाळ. वंश तोच, भाषा तीच, चेहरा तोच. जन्म आणि पत्ता एवढाच फरक. ओळखीचे वाटते ना?

एदो शहर, म्हणजे आजचे टोकियो, आणि भोवतालचे कांतो प्रांत यांतल्या या सगळ्या लोकांवर सरकारने एक वंशपरंपरागत मुखिया नेमला होता. त्याच्या पदाचे नाव दानझाएमोन. त्याच्याकडे स्वतःचा न्यायनिवाडा होता, स्वतःचा तुरुंग होता, चामड्याचा आणि दिव्यांच्या वातींचा मक्ता होता. त्याचा बंदिस्त वाडा आणि वस्ती इमादोलगत होती. आज तिथे शाळा आहे. मी समाजशास्त्राची विद्यार्थिनी, मला दानझाएमोनबद्दल सरळ अभिमान वाटत नाही. खालच्या माणसावर खालचाच माणूस कोतवाल म्हणून बसवायचा, त्याला पैसा आणि थोडा मान द्यायचा, आणि व्यवस्था जशीच्या तशी चालू ठेवायची, हा खेळ आपण चांगला ओळखतो. महार वतनाविरुद्ध बाबासाहेब का लढले? वतनाचा तुकडा माणसाला गावाशी बांधून ठेवतो म्हणूनच ना? पण मुखिया आवडो न आवडो, त्याच्या हाताखालच्या लोकांनी एदोला ढोल दिले, चामडे दिले, रात्रीचा उजेड दिला. त्यांच्याशिवाय असाकुसाचा इतिहास सांगणे म्हणजे मांजरीची गोष्ट सांगणे.

१८७१ साली मेइजी सरकारने फर्मान काढले. 'एता', 'हिनिन' ही नावे रद्द, दर्जा आणि धंदा यांत सर्व सामान्य प्रजेसारखेच. त्याच वर्षी मेलेल्या जनावरांवरचा त्यांचा हक्कही गेला. म्हणजे समता कागदावर मिळाली आणि भाकरी हातातून गेली. जमीन नाही, भांडवल नाही. शेवटच्या, तेराव्या दानझाएमोनने दान नाओकी हे नाव घेतले, अमेरिकन कारागीर बोलावून बूट शिकवण्याचा आणि बनवण्याचा उद्योग उभा केला. तो फार काळ त्याच्या हाती राहिला नाही. आज जपानात १५ मार्च हा 'बुटांचा दिवस' आहे. कोणाच्या नावाने? १८७० साली त्सुकिजीत कारखाना काढणाऱ्या निशिमुरा कात्सुझो या माजी सामुराईच्या. पिढ्यानपिढ्या चामड्यात हात घातलेल्यांचा दिवस कॅलेंडरात नाही.

फर्मानाला गावांनी काय उत्तर दिले तेही बघा. १८७३ साली मिमासाका प्रांतात शेतकरी उठले आणि त्यांनी या वस्त्या जाळल्या, माणसे मारली. 'हे आता आमच्या बरोबरीचे कसे?' हा राग. खैरलांजी ज्यांना माहीत आहे त्यांना तो समजावून सांगावा लागणार नाही.

आता बौद्ध राष्ट्राचा मुद्दा. तोकुगावा काळात प्रत्येक कुटुंबाला कुठल्या तरी विहारात नाव नोंदवावे लागे. या लोकांसाठी विहार वेगळे होते आणि त्या विहारांना नावही 'एता-विहार' असे होते. एवढ्यावर भागले नाही. जपानात मेलेल्या माणसाला भिक्खू धम्मनाम देतो आणि ते थडग्यावर कोरतात. या लोकांच्या धम्मनामांत 'पशू', 'चामडे', 'दास' अशा अर्थाची अक्षरे घातली गेली. जिवंतपणी विटाळ, मेल्यावर दगडात विटाळ, आणि हे करणारे हात चीवरधारी. १९७९ साली प्रिन्स्टनच्या जागतिक धर्म व शांतता परिषदेत सोतो झेन पंथाच्या एका मोठ्या नेत्याने जपानात असा भेदभाव नाहीच असे सांगितले. पुढे गदारोळ झाला आणि त्यांना शब्द मागे घ्यावे लागले. त्यानंतर पंथांनी जुनी नोंदबुके उघडली, थडगी बदलायला घेतली.

म्हणून मी म्हणते, बुद्धमूर्ती बसवली की जात आपोआप जाते असे कुठेच झालेले नाही. बाबासाहेबांनी नुसते त्रिशरण न देता बावीस प्रतिज्ञा का दिल्या, याचे उत्तर मला सेन्सोजीच्या धुपाच्या धुरात फार स्पष्ट दिसले. आणि हेही नोंदवते की बंडाची ठिणगी तिथेही विहारातूनच आली. ३ मार्च १९२२ रोजी क्योतोत सुइहेइशा, म्हणजे 'समतल करणाऱ्यांची संघटना', स्थापन झाली. तिचा जाहीरनामा लिहिणारे साइको मानकिची नारा भागातल्या याच लोकांच्या विहारातल्या भिक्खूचे चिरंजीव. महाडच्या पाच वर्षे आधीची ही गोष्ट.

फेरीकडे परत येते. बाकीचे निघून गेल्यावर मी गाइडना विचारले, "दानझाएमोनचा वाडा कुठे होता?" ते एकदम गप्प झाले. मला वाटले, झाले, हाही आपल्याकडच्या सवर्ण इतिहासकारांसारखाच. मग ते म्हणाले, "चला." पाच-सात मिनिटे चालत त्यांनी मला त्या शाळेजवळ नेले आणि हळू आवाजात सांगितले, "हे मी फेरीत सांगत नाही. इथे आजूबाजूला माणसे राहतात. उद्या कोणाच्या मुलीचे लग्न ठरायचे असेल."

मी वाद घालायच्या तयारीत होते. लपवल्याने जात जात नाही, हे माझे ठरलेले उत्तर. पण त्यांच्या बोलण्याला इतिहासाचा आधार आहे. १८७२ च्या कुटुंबनोंदवहीत या लोकांपुढे अनेक ठिकाणी 'नवे प्रजाजन' असा शेरा मारला गेला आणि ती वही १९६८ पर्यंत कोणालाही बघता येत होती. ती बंद झाली तर १९७५ साली उघड झाले की देशभरच्या बुराकू वस्त्यांच्या पत्त्यांची यादी चोरून विकली जाते आणि दोनशेहून अधिक कंपन्यांनी ती घेतली आहे. कशाला? नोकरीला आलेल्या पोराचा पत्ता ताडून बघायला. अलीकडे तशीच यादी इंटरनेटवर आली. तिच्याविरुद्ध २०२१ साली टोकियो जिल्हा न्यायालयाने आणि २०२३ साली उच्च न्यायालयाने निकाल दिला. आपल्याकडे आडनाव जे करते ते तिथे पत्ता करतो. आडनाव बदलता येते म्हणून आपल्यातल्या किती जणांनी बदलले, हे मी सांगायला नको. तेव्हा त्या गृहस्थांच्या मौनाला भ्याडपणा म्हणायची माझी हिंमत झाली नाही. बुराकू चळवळीतही हा वाद जुना आहे: नाव घेऊन ताठ उभे राहायचे, की मुलांना न सांगता वाढवायचे.

तरीही माझे समाधान झाले नाही. मी एकटीच उत्तरेकडे चालत गेले. रोजंदारी मजुरांची सान्या वस्ती लागली. १९६६ साली पत्त्यांची नवी रचना झाली तेव्हा 'सान्या' हे नावच सरकारी पत्त्यातून काढले गेले. वस्ती राहिली, नाव गेले. पुढे नामिदाबाशी, 'अश्रूंचा पूल'. आता पूल नाही, चौक आहे. शिक्षेला नेताना कैद्याचे नातलग इथवर येत आणि रडून मागे फिरत. त्यापलीकडे कोत्सुकाप्पारा, एदोची शिरच्छेदाची जागा. तिच्यातून आज रेल्वेचे रूळ जातात.

१७७१ साली इथे सुगिता गेनपाकू, माएनो र्योताकू आणि नाकागावा जुन्आन हे वैद्य डच शरीरशास्त्राचे पुस्तक घेऊन आले. शिक्षा झालेल्या एका बाईच्या देहाचे विच्छेदन होते. वैद्यांनी सुरी हातात धरली नाही, विटाळ ना! चिरणारा माणूस एता होता. ज्याची पाळी होती तो तोरामात्सु आजारी पडला, म्हणून त्याचे आजोबा आले, वय नव्वद. सुगितांनी म्हातारपणी लिहिलेल्या आठवणींत हे सगळे आहे. त्या म्हाताऱ्याने तरुणपणापासून अनेक देह उघडले होते. हे हृदय, हे यकृत, हे जठर असे तो दाखवत गेला. काही अवयव दाखवून म्हणाला, यांची नावे मला ठाऊक नाहीत, पण मी उघडलेल्या प्रत्येक देहात ते याच जागी होते. निरीक्षणाचे शास्त्र यापेक्षा वेगळे काय असते? वैद्यांनी पुस्तकातल्या आकृत्या ताडून पाहिल्या, त्या तंतोतंत जुळल्या. १७७४ साली 'काइताइ शिन्शो' हा अनुवाद निघाला आणि जपानी वैद्यक बदलले. आपल्या सरकारी रुग्णालयांत बेवारस प्रेतांच्या कागदपत्रांसाठी मी अनेकदा शवागाराबाहेर उभी राहिले आहे. अहवालावर सही डॉक्टरांची असते. आत हातोडी-छिन्नी कोणाच्या हातात असते ते मी पाहिले आहे.

रुळांलगतच्या एकोइन विहाराच्या भिंतीवर त्या दिवसाचे स्मारक आहे. मजकूर मी मोबाइलवर भाषांतर करून वाचला. सुगिता, माएनो, नाकागावा अशी तिघांची नावे आहेत. म्हाताऱ्याचा उल्लेख नाही. सुगितांनीही त्याचे नाव लिहून ठेवलेले नाही, फक्त नातवाचे ठेवले आहे.

परत आल्यावर गाइडना मी पत्र लिहिले. पत्ता सांगू नका, तुमचे म्हणणे मला पटले. पण या म्हाताऱ्याबद्दल फेरीत बोला. त्याच्या उल्लेखाने कोणाच्या मुलीचे लग्न मोडणार नाही, तो कुठे राहत होता हे सांगायची गरजही नाही, काय करत होता एवढे पुरे. फेरी इमादोच्या मांजरीपाशी न संपवता तिथवर न्या, चालायला अर्धा तास लागेल.

त्यांचे उत्तर आले. इतर स्वयंसेवकांसमोर विषय ठेवतो, असे त्यांनी लिहिले आहे, आणि खाली एक प्रश्न: तुमच्या गावात पाहुण्यांना तुम्ही काय दाखवता?