हशाची भाषा आणि बातम्यांची भाषा

मंडळी, आजचा विषय जरा लांबचा आहे, पण कोकणातल्या माणसाला तो घरचाच वाटेल.

उत्तर जर्मनीत प्लाटडॉइच नावाची एक भाषा आहे. शाळेत, कचेरीत चालते ती प्रमाण जर्मन. ही तिची गावाकडची बहीण म्हणा ना. एके काळी हिचा थाट मोठा होता. ल्यूबेक, हॅम्बुर्ग वगैरे व्यापारी शहरांचा ‘हान्सा’ नावाचा संघ होता, त्याच्या भरभराटीच्या दिवसांत करारमदार, पत्रव्यवहार हिच्यात चालत. पुढे संघ मोडकळीला आला, दरबार आणि चर्च प्रमाण जर्मनकडे वळले, आणि ही भाषा शेतात, बंदरावर, स्वयंपाकघरात उरली. बोलणारा अडाणी ठरू लागला.

मग आला रेडिओ. हॅम्बुर्गला १९२४ साली नभोवाणी सुरू झाली आणि तिच्यावरून प्लाटडॉइच ऐकू येऊ लागली. १९५६ मध्ये ‘हॉर माल न बेटन टो’, म्हणजे ‘जरा ऐका तर’, ही मालिका सुरू झाली. दोन-तीन मिनिटांचं कथन, बहुधा गमतीचं, कधी विचारात पाडणारं. ऐकणाऱ्याच्या कानावर हसता हसता आजीची भाषा पडायची. १९५४ पासून हॅम्बुर्गच्या ओन्सोर्ग थिएटरची विनोदी नाटकं दूरचित्रवाणीवर आली आणि हायडी काबेल ही नटी घराघरांत पोचली. पण यात एक मेख होती. साऱ्या देशाला कळावं म्हणून पडद्यावरची भाषा पातळ केलेली असे. शब्द बरेचसे प्रमाण, हेल तेवढा गावचा!

इथे मला आपली मालवणी आठवते. गंगाराम गवाणकरांचं ‘वस्त्रहरण’ १९८० साली आलं, मच्छिंद्र कांबळींनी त्याचे हजारो प्रयोग केले, आणि मुंबईतला चाकरमानी चारचौघांत मालवणी बोलू लागला. हे ऋण मोठंच आहे. पण मी कोकणातल्या शाळेत शिकवत असताना पाहिलंय, गॅदरिंगमध्ये मालवणी बोलून टाळ्या घेणारा मुलगा दुसऱ्या दिवशी वर्गात ‘माका’ तोंडातच गिळून ‘मला’ म्हणायचा. ती भाषा हसण्यासाठी आहे, हे त्याला कोणी न सांगता कळलं होतं.

जर्मनीतले आकडे हेच सांगतात. १९८४ मध्ये उत्तरेतले सुमारे ३५ टक्के लोक प्लाटडॉइच चांगली बोलतो म्हणत होते. २०१६ मध्ये ते सुमारे १६ टक्क्यांवर आले. विनोद आवडत होता, पण आईबाप मुलांशी बोलत ते प्रमाण जर्मनच.

म्हणून मला रेडिओ ब्रेमेनचं कौतुक वाटतं. त्यांनी १९७७ पासून प्लाटडॉइचमध्ये चक्क बातम्या द्यायला सुरुवात केली. निवडणूक, संप, हवामान, सगळं. हसू येण्याचं काही कारणच नाही! १९९९ मध्ये युरोपच्या सनदेनुसार या भाषेला संरक्षण मिळालं, आणि २०१० मध्ये हॅम्बुर्गच्या काही प्राथमिक शाळांत ती विषय म्हणून आली.

विनोद भाषेला कानात जिवंत ठेवतो, जिभेवर ठेवायचं तर तिला रोजचं काम द्यावं लागतं. तेव्हा नातेवाईक मंडळींना एक विनंती. नातवंडांना मालवणी गजाली जरूर ऐकवा, पण औषधाची वेळ, बँकेचं काम, परीक्षेचा निकाल हेही कधी त्याच भाषेत बोला.

असो. तुमच्या घरी काय चालतं, ते जरूर कळवा.