एका मलमाचे ऋण

ज्या रोगाने माणूस मरत नाही, त्याचा इतिहास लिहिण्यास सहसा कोणी प्रवृत्त होत नाही. पटकी, प्लेग आणि देवी यांनी गावेच्या गावे ओस पाडली, म्हणून त्यांना इतिहासकार लाभले; तोंडावरच्या मुरुमांच्या वाट्याला मात्र थट्टाच आली. ‘वयाबरोबर येतात आणि वयाबरोबर जातात’ एवढे म्हटले की घरातील वडील मंडळींच्या दृष्टीने तो विषय संपतो. परंतु ज्या सतरा-अठरा वर्षांच्या मुलाचे वा मुलीचे गाल, कपाळ आणि पाठ दुखऱ्या गाठींनी भरून गेली आहेत, त्याला तो विषय इतक्या स्वस्तात संपविता येत नाही. उग्र स्वरूपाचे मुरूम जातात ते खड्डे आणि व्रण मागे ठेवून जातात. आणि ज्या वयात चारचौघांत मान वर करून वावरण्याची सवय लागावयाची, त्याच वयात मान खाली घालण्याची सवय लावून जातात.

आमच्या प्राचीन वैद्यकाने ह्या व्याधीची उपेक्षा केली नव्हती. सुश्रुताने क्षुद्ररोगांत ‘मुखदूषिका’ ह्या नावाने तिची गणना केली, काटेसावरीच्या काट्यांची तिला उपमा दिली आणि तरुणांच्या मुखावर ती कफ, वायू व रक्त यांच्या दोषाने उद्भवते, असे सांगितले. लेपांचीही योजना त्याने केली आहे. पुढे युरोपातील वैद्य गंधकाची मलमे देत आले. परंतु ह्या सर्व उपायांची धाव त्वचेच्या पृष्ठभागापर्यंतच होती. रोमकूपाच्या आत काय घडते, हे कळण्यास विसावे शतक उजाडावे लागले. आज मुरुमांवर बाहेरून लावण्याच्या औषधांत ज्यांना अग्रस्थान आहे, ती ‘रेटिनॉइड’ वर्गातील मलमे त्याच ज्ञानाचे फळ होत. त्या मलमांची जन्मकथा आम्ही येथे सांगणार आहो. ती केवळ बुद्धीच्या पराक्रमाची कथा असती, तर ती सांगण्याचे काम वैद्यकाच्या पाठ्यपुस्तकांवर सोपवून आम्ही स्वस्थ बसलो असतो.

कथेचा आरंभ उंदरांच्या पिंजऱ्यापाशी होतो. १९१३ साली अमेरिकेतील विस्कॉन्सिन येथे मॅक्कॉलम आणि मार्गरीट डेव्हिस यांना असे आढळले की, लोण्यातील किंवा अंड्याच्या बलकातील स्निग्धांश खाणारे उंदीर वाढतात, आणि डुकराच्या चरबीवर किंवा ऑलिव्हच्या तेलावर ठेवलेले उंदीर काही काळाने खुंटतात. लोण्यातील त्या अज्ञात द्रव्यास पुढे ‘अ’ जीवनसत्त्व हे नाव मिळाले. १९३१ साली झुरिक येथील पाउल कारर याने त्याची रासायनिक घडण उकलून दाखविली, आणि १९३७ साली त्यास नोबेल पारितोषिक मिळाले.

ह्या जीवनसत्त्वाचा डोळ्यांशी असलेला संबंध सर्वांच्या परिचयाचा आहे. त्वचेशी असलेला संबंध मात्र उशिरा ध्यानात आला. १९३१ मध्ये पेकिंग येथे फ्रेझर व हू ह्या डॉक्टरांनी नोंदविले की, ‘अ’ जीवनसत्त्वाचा अभाव झालेल्या रोग्यांची त्वचा कोरडी पडून रोमकूपांच्या तोंडाशी कठीण बुचे बसतात. १९३३ मध्ये सिलोनात निकल्स याने तशाच त्वचेला बेडकाच्या कातडीवरून नाव दिले. यावरून एक अनुमान सहजच निघाले. जीवनसत्त्वाच्या अभावी रोमकूप बुजत असतील, तर त्याच्या विपुलतेने ते उघडावयास नकोत काय? मुरुमाचेही मूळ बुजलेल्या रोमकूपातच असते. १९४३ साली अमेरिकेत स्ट्राउमफ्योर्ड नावाच्या डॉक्टराने ह्या अनुमानास अनुसरून रोग्यांस ‘अ’ जीवनसत्त्व मोठ्या मात्रेने पोटात दिले. परंतु हे जीवनसत्त्व शरीरात साचून राहते आणि अति झाले म्हणजे विषवत् ठरते, त्यामुळे तो मार्ग निर्धोक नव्हता. १९४६ साली आरेन्स आणि व्हान डॉर्प ह्या डच रसायनज्ञांनी त्या जीवनसत्त्वाचे आम्ल कृत्रिम रीतीने सिद्ध केले. हेच ते ‘ट्रेटिनोइन’. १९६२ च्या सुमारास जर्मनीत श्ट्युट्गेन प्रभृतींनी ते त्वचेच्या निरनिराळ्या विकारांवर बाहेरून लावून पाहिले. परंतु त्याने कातडी लाल होऊन सोलते, ह्या कारणास्तव त्याचा प्रसार झाला नाही.

येथे आल्बर्ट क्लिग्मन ह्या पुरुषाचा प्रवेश होतो. १९१६ साली फिलाडेल्फिया शहरी एका गरीब स्थलांतरित ज्यू कुटुंबात तो जन्मला. प्रथम त्याने वनस्पतिशास्त्रात बुरशींचा अभ्यास करून डॉक्टरेट मिळविली आणि नंतर तो वैद्यकाकडे वळून पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात त्वचारोगांचा अध्यापक झाला. इतरांनी ज्या लाल होण्याला व सोलण्याला भिऊन औषध टाकून दिले, त्याला न भिता त्याने उपचार चालू ठेवला. १९६९ साली क्लिग्मन, फुल्टन व प्लेविग यांचा मुरुमांवरील निबंध प्रसिद्ध झाला, आणि १९७१ साली अमेरिकन सरकारच्या अन्न व औषध प्रशासनाने ‘रेटिन-ए’ ह्या नावाने विकल्या जाणाऱ्या औषधास मान्यता दिली.

हे औषध करते तरी काय? रोमकूपाच्या आतील अस्तराच्या पेशी स्वभावतः सुट्या होऊन बाहेर पडावयाच्या. मुरुमांच्या विकारात त्या एकमेकींस चिकटतात, तेलकट स्रावाशी मिसळून त्यांचे बूच बनते, त्यामागे जंतू माजतात आणि सूज येते. रेटिनॉइड ही चिकटण्याची क्रियाच रोखते. म्हणजे ते आलेला मुरूम बसविण्यापेक्षा येऊ घातलेला मुरूम थांबविते. पेशींच्या केंद्रकात ह्या आम्लास ओळखणारी ग्राहक-प्रथिने असतात, हे १९८७ साली उघडकीस आले, आणि ते नेमक्या कोणत्या द्वाराने आत शिरते, हे तेव्हा कळले. पुढे अधिक सौम्य भावंडे निघाली. त्यांपैकी ‘अडापलीन’ अमेरिकेत १९९६ साली मान्य झाले, आणि २०१६ पासून त्याची सौम्य जेली तेथे चिठ्ठीवाचून मिळू लागली.

ज्या घरांत ह्या मलमाची आवश्यकता आहे, त्यांच्यासाठी दोन शब्द अप्रस्तुत होणार नाहीत. हे मलम संयमी माणसाचे औषध आहे. वाटाण्याएवढे मलम रात्री, धुऊन कोरड्या केलेल्या सबंध चेहऱ्यावर पातळ पसरावयाचे असते. केवळ पुटकुळीवर थापून उपयोग नाही. पहिले काही आठवडे त्वचा सोलते, चुरचुरते, प्रसंगी मुरूम वाढल्यासारखेही दिसतात. फळ दिसावयास दोन-तीन महिने लागतात. ह्याच टप्प्यावर पुष्कळ लोक नळी फेकून देतात. उन्हापासून त्वचेस जपावे लागते, आणि गरोदरपणी हे मलम वर्ज्य समजावे. अत्यंत उग्र विकारात एकटे मलम पुरत नाही; तेथे पोटात घ्यावयाच्या औषधांची जोड लागते. त्यांतील ‘आयसोट्रेटिनोइन’ हे १९८२ पासून अमेरिकेत प्रचारात आलेले औषध फार गुणकारी असले, तरी गर्भास अतिशय घातक आहे. म्हणून ह्या सर्व गोष्टी त्वचारोगतज्ज्ञाच्या देखरेखीखालीच व्हाव्यात.

आता कथेच्या दुसऱ्या अंगाकडे वळू. फिलाडेल्फियाच्या ईशान्य भागात होम्सबर्ग नावाचा तुरुंग १८९६ पासून उभा होता. १९५१ च्या सुमारास तेथील कैद्यांच्या पायांना झालेल्या चिखल्यांवर सल्ला देण्यासाठी क्लिग्मन यास बोलाविण्यात आले. तेथे शेकडो माणसे एका जागी कोंडलेली पाहून त्याला काय वाटले, हे त्याने स्वतःच १९६६ साली एका वृत्तपत्रास सांगितले. आपणांस माणसे दिसलीच नाहीत, एकरच्या एकर कातडी तेवढी दिसली, आणि सुपीक जमीन प्रथमच पाहणाऱ्या शेतकऱ्यास वाटावा तसा आनंद झाला, असा त्याचा आशय होता. १९७४ पर्यंत त्या जमिनीत पीक काढले गेले. साबण, सुगंधी द्रव्ये, मलमे, लष्करासाठी मनावर परिणाम करणारी रसायने, अशा नानाविध पदार्थांचे प्रयोग तेथे झाले, आणि रेटिन-एच्या संशोधनाचा पायाही त्याच भिंतींआड घातला गेला. डाउ ह्या रासायनिक कंपनीसाठी डायॉक्सिन हे विष कैद्यांच्या त्वचेवर लावले गेले; काहींना तर कंपनीने ठरविलेल्या मात्रेच्या ४६८ पट दिले गेले. ह्या विषाने येणाऱ्या पुटकुळ्या मुरुमांच्याच जातीच्या असतात, हा दैवाचा विलक्षण उपरोध होय!

हे कैदी बहुतांशी कृष्णवर्णीय व दरिद्री होते, आणि त्यांतील अनेकांचा खटलाही अद्याप चालला नव्हता. जामिनास पैसे नाहीत म्हणूनच ते आत होते. प्रयोगास तयार होणाऱ्यास तुरुंगातील इतर कामापेक्षा कितीतरी अधिक पैसे मिळत. त्यांनी कागदांवर सह्या केल्या होत्या, हे खरे. परंतु आपल्या अंगावर काय लावले जात आहे, हे ज्याला सांगितले गेले नाही आणि ज्याच्यापुढे पैसे मिळविण्याचा दुसरा मार्ग नाही, त्याच्या सहीला संमती म्हणावे काय? न्यूरेंबर्गच्या न्यायालयाने १९४७ सालीच मनुष्यावरील प्रयोगास स्वेच्छेची संमती अनिवार्य ठरविली होती. तेव्हा ‘त्या काळची रीतच तशी होती’ हा क्लिग्मनने अखेरपर्यंत केलेला बचाव आम्हांस पटत नाही. रीत होती, हे सत्य. पण ती रीत निंद्य आहे, हेही तोपर्यंत जगाला कळून चुकले होते.

१९९८ साली अ‍ॅलन हॉर्नब्लम याने ‘एकर्स ऑफ स्किन’ हा ग्रंथ लिहून हे सर्व उजेडात आणले. २००० साली सुमारे तीनशे माजी कैदी न्यायालयात गेले. मुदत टळल्याच्या कारणास्तव त्यांचा दावा निकालात निघाला. क्लिग्मन २०१० साली, धनमान भोगून, वारला. त्यानंतर २०२१ मध्ये विद्यापीठाच्या वैद्यक विभागाने आणि २०२२ मध्ये फिलाडेल्फिया शहराने जाहीर क्षमा मागितली. तोपर्यंत ती ऐकावयास त्या कैद्यांपैकी फार थोडे उरले होते.

ही परदेशची कथा आपल्या घरापर्यंत एका वेगळ्या वाटेने आली आहे. १९७५ साली क्लिग्मनने विलिस याच्यासह त्वचेचा काळेपणा कमी करणारे एक मिश्रण प्रसिद्ध केले. त्यात ट्रेटिनोइन, हायड्रोक्विनोन आणि एक स्टेरॉइड अशी तीन द्रव्ये होती. वांगावर, वैद्याच्या नजरेखाली, थोड्या काळापुरते ह्या त्रयीचे उपयोग आहेत. परंतु आपल्याकडे तिची भावंडे गोरे होण्याची मलमे म्हणून औषधांच्या दुकानांतून सर्रास नेली गेली, आणि स्टेरॉइडने पातळ झालेले, लालबुंद, मुरुमांनीच भरलेले चेहरे त्वचारोगतज्ज्ञांच्या दारी येऊ लागले. २०१८ साली भारत सरकारने स्टेरॉइडयुक्त मलमांची चिठ्ठीवाचून होणारी विक्री रोखण्यासाठी नियम कडक केले, हे योग्यच झाले. पण काळ्या कातडीस कमी लेखण्याची जी वृत्ती होम्सबर्गच्या भिंतींआड होती, तीच वृत्ती लग्नाच्या जाहिरातींतून आपल्याही घरात नांदत असेल, तर नियम कोठवर पुरे पडणार?

काही जण म्हणतील, अशा पापातून निघालेले औषध वापरूच नये. आम्हांस हे मान्य नाही. ज्या मुलीच्या चेहऱ्यावर व्रण पडत आहेत, तिने ते सोसल्याने होम्सबर्गच्या एकाही कैद्याची पाठ भरून येणार नाही. उलट दुसरे म्हणतील, औषध गुणकारी आहे ना, मग जुनी मढी उकरता कशास? हेही आम्हांस तितकेच अमान्य आहे. ज्याचे देणे फेडता येत नाही, त्याचे नाव निदान खतावणीत तरी राहिले पाहिजे. ते पुसून टाकणारा कर्जबुडव्याच होय. शिवाय, औषधांचे प्रयोग आजही माणसांवर होतात आणि व्हावेच लागतात, आणि त्यांसाठी गरजू माणूस सर्वांत सुलभ असतो. समोरच्या माणसास त्याच्या भाषेत सर्व समजावून सांगितले की नाही, आणि ‘नाही’ म्हणण्याची मोकळीक त्याला खरोखर होती की नाही, हे दोन प्रश्न प्रत्येक वेळी विचारले गेले, तर त्या निनावी कैद्यांचे ऋण अंशतः तरी फिटेल.