सदिश

परिमाण आणि दिशा दोन्ही असलेली राशी. वेग, बल, विस्थापन ही तिची शालेय उदाहरणे. 'व्हेक्टर' ही गणिती संज्ञा विल्यम रोवन हॅमिल्टन यांनी क्वाटर्नियनांच्या अभ्यासात रूढ केली. आजचे सदिश विश्लेषण गिब्ज आणि हेविसाइड यांनी घडवले.

शाळेतली व्याख्या गणितात फार काळ पुरत नाही. जोसेप्पे पेआनो यांनी १८८८ मध्ये सदिश अवकाशाचे नियम मांडले. ज्यांची परस्परांत बेरीज होते, ज्यांना संख्येने गुणता येते आणि ज्या हे नियम पाळतात, अशा सर्वच वस्तू त्यानुसार सदिश ठरतात. बहुपदी आणि सतत फलनेसुद्धा. लांबी व कोन हवे असतील, तर अंतर्गुणन वेगळे द्यावे लागते. ही अमूर्तता हेच या कल्पनेचे खरे सामर्थ्य होय.

संगणकशास्त्रात अर्थ सैलावतो. सी प्लस प्लस भाषेतील व्हेक्टर म्हणजे गरजेप्रमाणे वाढणारी क्रमवार साठवण. तिच्यात बेरीज मुळात दिलेलीच नाही, त्यामुळे विद्यार्थ्यांचा गोंधळ होणे स्वाभाविक आहे. व्हेक्टर चित्रात ठिपक्यांऐवजी रेषा व वक्र यांची वर्णने साठवतात, म्हणून ते कितीही मोठे केले तरी फाटत नाही. क्रे-१ या १९७६ च्या महासंगणकात एका सदिश रजिस्टरमध्ये ६४ संख्या मावत आणि एकाच आज्ञेने त्या सर्वांवर क्रिया होई. भाषाप्रक्रियेत मात्र गणिती अर्थ पुन्हा पूर्णपणे लागू पडतो : २०१३ च्या वर्डटूव्हेक प्रणालीत प्रत्येक शब्द हा बहुधा काहीशे घटकांचा सदिश असतो आणि दोन शब्दांची जवळीक त्यांच्यातील कोनावरून मोजतात.