ह्यूम एंड स्थानक

इंग्लंडमधील स्टॅफर्डशर परगण्यात, मॅनिफोल्ड नदीच्या खोऱ्यातले, १९३४ मध्ये बंद झालेले रेल्वेस्थानक. लीक अँड मॅनिफोल्ड व्हॅली लाइट रेल्वे या अडीच फुटी गेजच्या (७६२ मिमी.) मार्गाचे हे उत्तर टोक, दुसरे टोक सु. १३ किमी.वरील वॉटरहाउसेस. मार्ग जून १९०४ मध्ये खुला झाला. तो नॉर्थ स्टॅफर्डशर रेल्वे चालवीत असे.

मार्गाचे अभियंते एव्हरार्ड कॅलथ्रॉप हे बार्शी लाइट रेल्वेचे (१८९७) जनक. ते १८८२ मध्ये ग्रेट इंडियन पेनिन्शुला (जीआयपी) रेल्वेच्या नोकरीत भारतात आले. इंजिन असो वा डबा, आसावरचा भार ५ टनांपलीकडे जाऊ द्यायचा नाही, म्हणजे हलके, स्वस्त रूळ पुरतात, हे त्यांचे बार्शीचे सूत्र. मॅनिफोल्डसाठी लीड्सच्या किटसन कारखान्याने दोन इंजिने बांधली : ‘ई. आर. कॅलथ्रॉप’ आणि ‘जे. बी. अर्ल’. ती बार्शीच्या इंजिनांची नक्कल होती असे सर्रास म्हटले जाते. मात्र बार्शीची पहिली इंजिने ०-८-४ चाकमांडणीची, तर ही २-६-४ होती. पुढचा भलामोठा दिवा मात्र खास वसाहती थाटाचा. इंजिनशेड ह्यूम एंडलाच होती. डबे चार, पिवळ्या रंगाचे.

गेज बदलते तेथे माल उतरवून पुन्हा भरावा लागतो. यावर कॅलथ्रॉप यांनी ट्रान्सपोर्टर वाघिणी योजल्या. मोठ्या लाइनची भरलेली वाघीण अशा बुटक्या वाघिणीवर सरळ चढवली जाई. ब्रिटनमध्ये हा प्रयोग प्रथम येथेच झाला. या मार्गाचे खरे महत्त्व त्यात आहे.

मार्गावरील एक्टनच्या तांब्याच्या खाणी पुन्हा सुरू होतील ही आशा फोल ठरली. मार्ग जगला तो दुधावर. एक्टनची डेअरी १९३२ मध्ये बंद झाली आणि मार्च १९३४ मध्ये गाडीही थांबली.

मार्गावरील स्वेन्सलीचा बोगदा तेथील हवेलीतून गाडी दिसू नये म्हणून काढला, असे सांगतात. हवेली लीकचे रेशीम-रंगारी सर टॉमस वॉर्डल यांची. भारतीय टसरवरील त्यांचे काम प्रसिद्ध आहे.

प्रवासी : बेताचेच, सुटीच्या दिवशी गर्दी. हार्टिंग्टन गाव स्थानकापासून सु. ३ किमी.

रूळ काढल्यावर १९३७ मध्ये तेथे पायवाट झाली. दोन्ही इंजिने मोडीत निघाली. तिकीटघरात आता माहिती केंद्र आहे. स्वेन्सली बोगद्यातून मोटारी जातात.