मल्टीव्हर्सस

मल्टीव्हर्सस हा प्लेअर फर्स्ट गेम्सने विकसित केलेला आणि वॉर्नर ब्रदर्स गेम्सने प्रकाशित केलेला, विनामूल्य खेळता येणारा लढतीचा व्हिडिओ गेम होता. बॅटमॅन, बग्ज बनी, शॅगी अशी निरनिराळ्या कथाविश्वांतील पात्रे त्यात एकमेकांशी झुंजत. दोघांविरुद्ध दोघे हा त्याचा मुख्य प्रकार होय. जुलै २०२२ मध्ये सुरू झालेली खुली चाचणी २५ जून २०२३ रोजी थांबली. चाचणीच्या काळातच पात्रांचे संच पैसे घेऊन विकले गेल्याने ‘चाचणी’ हे नाव अनेक खेळाडूंना खटकले, आणि ते वाजवीच होते. २८ मे २०२४ रोजी खेळ पुन्हा प्रकाशित झाला. ३० मे २०२५ रोजी त्याचे सर्व्हर कायमचे बंद झाले. पाचव्या हंगामात, म्हणजे ४ फेब्रुवारी २०२५ पासून बंद होईपर्यंत, ज्यांनी लॉग-इन केले, त्यांनाच मिळवलेली व विकत घेतलेली पात्रे इंटरनेटविना, संगणकाविरुद्ध किंवा शेजारी बसलेल्या मित्रांसोबत खेळवता येतात.