बुडवलेल्या वह्यांचे प्रकाशक

पुणे-नाशिक रस्त्यानं मंचर, नारायणगाव मागे टाकलं की आळेफाटा येतो. जुन्नर तालुक्यातल्या या आळे गावात एका रेड्याची समाधी आहे. पैठणच्या ब्रह्मसभेपुढं ज्ञानेश्वरांनी ज्याच्या मुखातून वेद वदवले, तो हा रेडा. परतीच्या वाटेवर त्यानं इथं देह ठेवला, अशी श्रद्धा आहे. लहानपणी आजीचा हात धरून मी तिथं गेलो होतो. मी विचारलं, "आजी, रेड्याला वेद येतात, मग तुला का येत नाहीत?" आजी म्हणाली, "आपल्याला म्हणायचा हुकूम नव्हता, बाळा."

आजी आंबेगाव तालुक्यातली, शाळेची पायरी न चढलेली. पण तिच्या त्या वाक्यात कितीतरी शतकांचा इतिहास होता. स्त्रिया आणि शूद्र यांना वेद म्हणण्याचाच काय, ऐकण्याचाही अधिकार शास्त्रानं नाकारला होता. म्हणून शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, नेवाशात गीतेचा अर्थ मराठीत सांगितला गेला, ही साधी घटना नव्हती. कुलूपबंद ज्ञान चावडीवर आलं होतं.

आळ्याहून ओतूर फार लांब नाही. श्रावणी सोमवारी कपर्दिकेश्वराला तांदळाच्या पिंडी पाहायला गर्दी लोटते, ते हे गाव. मांडवी नदीकाठी तिथंच बाबाजी चैतन्यांची समाधी आहे. तुकोबांना त्यांनी माघ शुद्ध दशमीला, गुरुवारी, स्वप्नात 'रामकृष्णहरि' मंत्र दिला. मला त्या स्वप्नाचं नेहमी अप्रूप वाटतं. जागेपणी गुरू करायचा तर जात आडवी येणार, अधिकार विचारला जाणार. स्वप्नातल्या गुरूला कोण अडवणार?

पण अभंग स्वप्नात राहिले नाहीत. ते कीर्तनात आले आणि तंटा उभा राहिला. शूद्रानं प्राकृतात वेदांचा अर्थ सांगावा, हे वाघोलीच्या रामेश्वर भटांना रुचलं नाही. वह्या इंद्रायणीत बुडवाव्या लागल्या. तेरा दिवस तुकोबा नदीकाठी अन्नपाण्यावाचून बसले आणि वह्या कोरड्या वर आल्या, असं आपण ऐकत आलो. पुढं हेच रामेश्वर भट तुकोबांचे भक्त झाले.

चमत्कार खरा की खोटा, या वादात मला शिरायचं नाही. मला आठवण करून द्यायची आहे ती माणसांची. चाकणचे संताजी जगनाडे, व्यवसायानं तेली. कडूसचे गंगाराम मवाळ. तुकोबांच्या कीर्तनात टाळ धरणारे हे टाळकरी अभंग उतरून घेत. एक वही बुडवता येते, पण घरोघरच्या वह्या आणि शेकडो ऐकणाऱ्यांचं पाठांतर कोणत्या डोहात बुडवणार? छापखाना नव्हता तेव्हा हेच आपले प्रकाशक होते. एकानं गायचं, दुसऱ्यानं लिहायचं, तिसऱ्यानं नक्कल करून पुढच्या गावी न्यायची. पुढं वि. ल. भावे यांनी संताजींच्या वहीवरूनच गाथा छापली.

त्याआधी, १८६९ पासून, मुंबई सरकारच्या मदतीनं इंदुप्रकाश छापखान्यात गाथेची मोठी आवृत्ती निघाली. शंकर पांडुरंग पंडित आणि विष्णु परशुरामशास्त्री पंडित यांनी ती सिद्ध केली. त्यासाठी देहू, तळेगाव, कडूस, पंढरपूर इथल्या हस्तलिखितांचा आधार घेतला गेला. नदीत टाकलेले शब्द सव्वादोनशे वर्षांनी सरकारी पैशानं छापले गेले! १९५० साली, तुकोबांच्या निर्वाणाला तीनशे वर्षं झाली तेव्हा, मुंबई सरकारनं गाथा पुन्हा काढली.

ती जाडजूड गाथा मी प्रथम हाती घेतली, तेव्हा आजीच्या काकड्यातले अभंग शोधत बसलो. बहुतेक सापडले. एका अभंगात मात्र आजीचा एक शब्द छापील शब्दाहून वेगळा होता. मी तो दाखवला. आजी म्हणाली, "तुझ्या पुस्तकात चुकलं असंल. मी माझ्या आईकडून घेतलाय."

कोणाचा पाठ बरोबर, ते पंडितांनी ठरवावं. मला एवढंच कळलं की माझ्या घरातही एक प्रकाशक होती आणि तिला सही करता येत नव्हती. गाथेच्या प्रस्तावनेत अशांची नावं नसतात. आळ्याच्या रेड्याला निदान समाधी तरी मिळाली.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)