कोंडिविटेचा स्तूप आणि मरणाची भाषा

अंधेरी पूर्वेला महाकाली केव्हज रोडच्या टोकाशी जी लेणी आहेत, त्यांचे जुने नाव कोंडिविटे. बोलण्यात 'महाकाली' हेच नाव रुळले आहे. इ. स. पूर्व पहिल्या शतकापासून इ. स. च्या सहाव्या शतकापर्यंत येथे एकोणीस लेणी खोदली गेली. खडक ठिसूळ असल्याने कोरीवकामाचा बराच भाग झिजून गेला आहे. तथापि येथील मुख्य चैत्यलेणे आम्हांस नेहमी थांबवून धरते. लांबट मंडपाच्या शेवटी, खडकातच कोरलेली एक गोल कुटी आहे. तिला दार आहे, आणि दाराच्या दोन्ही बाजूंस दगडी जाळीच्या खिडक्या आहेत. आत स्तूप. भोवती प्रदक्षिणेपुरतीच जागा.

या रचनेचे जवळचे नाते बिहारमधील बराबर टेकडीवरील सुदामा लेण्याशी आहे. सम्राट अशोकाने राज्याभिषेकानंतर बाराव्या वर्षी ते आजीवकांना दिले. तेथेही मंडपाच्या शेवटी गोल खोली आहे, आणि ती गवताने शाकारलेल्या झोपडीची दगडी प्रतिकृती आहे, हे पाहताक्षणी कळते. म्हणजे कोंडिविटेच्या शिल्पींनी स्तूप झोपडीत ठेवला. भिक्खू जशा झोपडीत राहात असे, तशा झोपडीत.

हे लहानसे निरीक्षण आम्ही महत्त्वाचे मानतो. स्तूप म्हणजे थडगे, आणि म्हणून बौद्धांची पूजा ही मृत्यूची पूजा, असे विधान अनेक पाठ्यपुस्तकांत सहज केलेले आढळते. आपल्यातील काही सुशिक्षित मंडळीही ते मुकाट्याने मान्य करतात. परंतु थडग्याला कोणी खिडक्या ठेवीत नाही. खिडकी ठेवावयाची ती आत कोणी आहे म्हणून.

पालि वाङ्मयाचा आधारही याच दिशेने जातो. महापरिनिब्बान सुत्तात तथागतांनी स्तूपास पात्र अशा चार व्यक्ती सांगितल्या आहेत : तथागत, पच्चेकबुद्ध, तथागतांचा श्रावक आणि चक्रवर्ती राजा. स्तूप कशासाठी, याचे कारणही तेथेच दिले आहे. तो पाहून पुष्कळांचे चित्त प्रसन्न व्हावे, यासाठी. शोकाचा उल्लेख त्या कारणात नाही. पुढे कालिंगबोधि जातकात चेतियाचे तीन प्रकार आले : शारीरिक, पारिभोगिक आणि उद्देशिक; म्हणजे देहधातूचे, वापरातील वस्तूचे, आणि केवळ स्मरणार्थ केलेले. एप्रिल १८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी नालासोपाऱ्याचा स्तूप उघडला. आतील दगडी पेटीत तांब्याचा, त्यात चांदीचा, त्यात दगडाचा, त्यात स्फटिकाचा आणि अगदी आत सोन्याचा करंडक निघाला. त्या सोन्याच्या करंडकात मातीच्या भांड्याचे तेरा तुकडे होते. पंडितजींनी ते तथागतांच्या भिक्षापात्राचे म्हणून जपले गेल्याचे अनुमान केले. सोन्याच्या पोटात खापर! अस्थी नाहीत, राख नाही. ज्यात भिक्षा घेतली जाई ते पात्र.

मरणाची ही भाषा केवळ तथागतांपुरती राहिली नाही, याची साक्ष बोरिवलीजवळच्या कान्हेरीत मिळते. तेथे एका लांब, खोलगट कड्याखाली भिक्खूंच्या विटांच्या स्तूपांची रांग होती. तिला अभ्यासक निर्वाणवीथी म्हणतात. डॉ. शोभना गोखले यांनी येथील ब्राह्मी स्मृतिलेख वाचले आणि १९९१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या कान्हेरीविषयक ग्रंथात ते संकलित केले. लेख पाचव्या-सहाव्या शतकांतील. त्यांत राजाचे नाव नाही, वंशावळ नाही, मृत्यूची तिथीही नाही. थेराचे नाव, आणि त्याने काय साधले ते : कोणी अर्हत, कोणी अनागामी, कोणी त्रिविद्य, कोणी षडभिज्ञ.

हे लेख वाचताना आम्हांस महापरिनिब्बान सुत्तातील नादिका गावाचा प्रसंग आठवतो. तेथे आनंद एकेका मृताचे नाव घेऊन त्याची गती विचारतो. तथागत उत्तर देतात : साळ्ह भिक्खू अर्हत झाला, नंदा भिक्खुणी अनागामी, सुदत्त उपासक सकदागामी, सुजाता उपासिका सोतापन्न. भिक्खू, भिक्खुणी, उपासक, उपासिका एकाच यादीत. मग ते म्हणतात की, मेलेल्या प्रत्येकाविषयी असे विचारीत बसणे शिणवणारे आहे. आणि ज्यात प्रत्येकाने स्वतःच स्वतःला पाहावे असा 'धम्मादास', धम्माचा आरसा, देतात. कान्हेरीच्या लेखकांना हा प्रसंग ठाऊक असावा असे आम्हांस वाटते. सिद्ध करता येणार नाही.

कान्हेरीहून फार दूर नसलेल्या एक्सर गावचे वीरगळ मात्र निराळीच भाषा बोलतात. शिलाहार काळाच्या या शिळांवर वल्ह्यांची जहाजे आहेत, रणधुमाळी आहे, पडलेले वीर आहेत, आणि वरच्या पट्टीत शिवलोकी पोहोचलेला तोच वीर आहे. येथे मरण ही बढती आहे. शिल्प म्हणून आम्ही त्यांना मुळीच कमी लेखत नाही. मध्ययुगीन नौयुद्धाचे असे चित्रण फार दुर्मिळ आहे. पण एका शिळेवर मेलेल्याला बक्षीस मिळते, आणि दुसरीकडे विटांच्या ढिगावर एवढेच कोरले जाते की हा मनुष्य तृष्णेतून सुटला.

याचा अर्थ बौद्ध कलेला अश्रू ठाऊक नव्हते असा नव्हे. अजिंठ्याच्या सव्विसाव्या लेण्यात सात मीटरहून लांब परिनिर्वाणमूर्ती आहे. तिच्या आसनाखाली शोक करणाऱ्यांची रांग आहे. वर देव वाद्ये वाजवीत आहेत. सुत्तातही तसेच येते : ज्यांचा राग क्षीण झालेला नाही ते भिक्खू हात उंचावून रडतात, वीतराग ते स्मृतिपूर्वक सहन करतात. शिल्पकाराने रडणाऱ्यांना वगळले नाही. ते लेणे भिक्खू बुद्धभद्राने आपल्या मातापित्यांच्या व भव्विराज या अमात्याच्या स्मरणार्थ करविले, हे त्यातील शिलालेखावरून कळते. स्नेह तेथे दगडात उभा आहे.

आता आपल्या घरचा एक मुद्दा. आपल्या पत्रिकांवर आणि फलकांवर 'दुःखद परिनिर्वाण' असे शब्द वारंवार छापले जातात. वाचकांचा रोष पत्करूनही आम्हांस सांगितले पाहिजे की हे दोन शब्द एकत्र नांदत नाहीत. परिनिर्वाण अर्हताचे, ते दुःखाचा शेवट आहे. कान्हेरीच्या लोकांनी अनागामीला अर्हत लिहिले नाही, इतका काटेकोरपणा त्यांनी मरणोत्तर गौरवातही पाळला. परमपूज्य बाबासाहेबांच्या संदर्भात कोट्यवधी लोकांच्या कृतज्ञतेने महापरिनिर्वाण हा शब्द निवडला आहे. तेथे व्याकरणाचा प्रश्न उपस्थित करणे आम्हांस प्रशस्त वाटत नाही, आणि दादरच्या चैत्यभूमीवर स्तूप उभा राहिला हे तर त्या जुन्या परंपरेला धरूनच झाले. पण म्हणून तो शब्द प्रत्येक पत्रिकेवर उतरावा काय?

दुसरा शब्द 'कालकथित'. तो आपल्या समाजात सर्वत्र रूढ आहे. पालित 'कालं करोति' म्हणजे मरण पावतो. त्यावरून 'कालकत' म्हणजे मृत. त्या शब्दाला संस्कृत वळणाचा 'थ' चिकटला आणि 'काळाने सांगितलेला' असा भलताच अर्थ निघू लागला. मूळ शब्द सुरेख आहे आणि तो राजा, गृहस्थ, दास अशा कोणासही लागतो. नादिकेच्या प्रसंगात आनंद विचारतो ते या 'कालकत' माणसांविषयीच.

गेल्या पावसाळ्यात पालिच्या विद्यार्थ्यांसह आम्ही कोंडिविटेस गेलो होतो. एका विद्यार्थिनीच्या आजोबांचे नुकतेच निधन झाले होते. घरच्यांनी पुण्यानुमोदनाची पत्रिका छापावयास दिली होती आणि तिचा कच्चा खर्डा तिच्या पिशवीत होता. तिने तो जाळीच्या खिडकीपाशी, मिळेल तेवढ्या उजेडात, आम्हांस दाखविला. 'कालकथित'मधील 'थि' तिने पेन्सिलीने खोडला होता. मग तिने विचारले, "सर, आजोबा गिरणीत होते, रोज वंदना घेत. नावाच्या पुढे काय लिहू?" आम्ही म्हटले, "उपासक लिहा." तिने ते लिहून घेतले.